आईने शेती हातात घेतली आहे, बाबा मजुरीला आहेत

वहीवाली · ३ जून

मंडळी, शेती विभागात पहिल्यांदाच धागा काढतेय. निम्मा सल्ल्यासाठी, आणि निम्मा हे सगळं कुणाला तरी सांगितल्याशिवाय चैन पडत नाही म्हणून.

गाव कोरेगाव तालुक्यात, जिल्हा सातारा. जमीन अडीच एकर, विहीर स्वतःची. बाबा जन्माने तिथलेच. पण दहावीचा निकाल लागला तसे एसटीत बसले ते ठाण्याला उतरले. त्यानंतर त्यांची शेती म्हणजे गणपतीला गावी जायचं, बांधावर उभं राहून 'यंदा पिकं जोमात आहेत' म्हणायचं आणि भजी तळून व्हायच्या आत घरी यायचं. आई गिरगावातली. चाळीत वाढलेली, तुळससुद्धा डालड्याच्या डब्यात. जन्मभर हायस्कुलात गणित शिकवलं. रिटायर झाली आणि म्हणाली, "आता गावी राहू. शेती मी बघते." बाबांनी पेपरातून डोकंही वर काढलं नाही. त्यांना वाटलं, चार दिवसांची हौस आहे, फिटेल. आज ते पहाटे साडेपाचला शेण उचलतात.

आज्जी गावीच असते. वय ऐंशीच्या पुढे. ओसरीवर खांबाला टेकून बसते आणि मिश्री लावत सगळा तमाशा बघते. हेच रान तिने आयुष्यभर कसलंय, पण सुनेला सल्ला म्हणून एक अक्षर देत नाही. मी विचारलं तर म्हणाली, "शिकतंय त्याला शिकू द्यावं. वावार काय पळून जातंय व्हय?"

पहिला अंक अक्षय तृतीयेला झाला. आमच्याकडे आल्याची लागण त्याच सुमाराला असते. दहा गुंठ्यांत आलं घालायचं ठरलं. ट्रॅक्टरने गादीवाफे काढून घेतले, बेणं (लावायचे कंद) आणलं आणि आक्कांची टोळी सांगितली. गावातल्या भांगलणीच्या (तण काढणाऱ्या) बायका आक्का म्हणतील त्याच रानात जातात, आमदार आला तरी त्यात बदल होत नाही. आईने विद्यापीठाची पुस्तिका तोंडपाठ केलेली: दोन रोपांत साडेबावीस सेंटिमीटर म्हणजे नऊ इंच, दोन ओळींतही तेवढंच. बायका वाफ्यावर बसल्या तशी तिने पिशवीतून लाकडी फुटपट्ट्यांचा गठ्ठा काढला आणि प्रत्येकीला एकेक वाटली. कुठल्या शाळेच्या कपाटातून आल्या ते विचारू नका.

आक्कांनी पट्टी उलटसुलट करून बघितली, त्याच पट्टीने पाठ खाजवली आणि परत दिली. "बाई, ह्यानं मोजत बसलो तर दिवाळी उजाडंल. आमची वीत हाय की."

"वीत प्रत्येकीची वेगळी असते," आई.

"मग मोजा."

आणि आईने खरंच मोजली. सगळ्या बायका बोटं ताणून ओळीत उभ्या, आई पट्टी घेऊन एकेकीपुढे, बाबा मागे वहीत लिहितायत. आक्कांची वीत भरली बरोब्बर नऊ इंच, रेघेला रेघ. आईचा चेहरा शाळातपासणीत शेरा मिळाल्यासारखा झाला. पट्ट्या परत पिशवीत गेल्या. एका नव्या सुनेची वीत आठच भरली म्हणून तिला बेणं मोडायला बसवलं, प्रत्येक तुकड्याला दोन-तीन डोळे ठेवून. बाबांनी हौसेने आपलीही मोजून घेतली. दहा! त्यांना पाणी वाटायला ठेवलं.

आता खरा प्रश्न. उरलेल्या रानात घेवडा करायचा आहे. वाघ्या वाण घ्यावा की वरुण? अनुभवी लोकांनी सांगा. बाबांना विचारून उपयोग नाही, त्यांच्या लेखी दोन्ही राजमाच.

टवाळ_कार्टं · ३ जून

हसून हसून पुरेवाट. काकांना पाणी वाटायला ठेवलं! पुढील भागाच्या प्रतीक्षेत.

कोरेगावचा_पावणा · ३ जून

आपल्याच भागातला धागा बघून बरं वाटलं. वाघ्याच्या दाण्यावर वाघासारखे तांबडे पट्टे असतात, चव एक नंबर, आणि आपल्या भागातल्या वाघ्याला भौगोलिक मानांकनही आहे. पण व्यापारी वरुणला जास्त विचारतात, तो राजमा म्हणून उत्तरेकडे जातो. पहिलं वर्ष आहे तर निम्मा-निम्मा करा. घरी खायला वाघ्या, विकायला वरुण.

दोन गोष्टी बाईंच्या वहीत लिहून ठेवा. एक, कडधान्य आहे म्हणजे नत्र नको असं समजू नका. हरभऱ्या-तुरीसारख्या घेवड्याच्या मुळांवर हवेतलं नत्र धरणाऱ्या गाठी धड येत नाहीत, त्याला खत द्यावंच लागतं. दोन, पाणी साचलं की घेवडा पिवळा पडलाच म्हणून समजा. निचऱ्याचं रान असेल तरच करा.

मिरगाचा_किडा · ४ जून

आणि पहिल्या सरीला पेरायची घाई नको. ७५ ते १०० मिमी पाऊस होऊन वाफसा आला (माती ओलसर पण मोकळी झाली) की मगच. मृगाच्या पहिल्या शिडकाव्याला चाड्यावर मूठ धरणारे दरवर्षी दुबार पेरणी करतात.

वहीवाली · ४ जून

धन्यवाद. पाऊस मोजायला आईने बाटली कापून पर्जन्यमापक केलाय आणि तो अंगणात, पागोळीपासून लांब ठेवलाय. १ मिमी पाऊस म्हणजे एकराला ४०४७ लिटर पाणी, हे तिने बाबांना पाढ्यासारखं घोकून घ्यायला लावलं. परवा वळवाचा १० मिमी झाला. म्हणजे अडीच एकरात लाखभर लिटर, म्हणजे दहा हजार लिटरचे दहा टँकर. बाबा सकाळी पारावर जाऊन सांगून आले, "काल आम्हाला दहा टँकर झाले." दुपारपर्यंत गावभर झालं की ठाणेकरांची विहीर आटली आणि ते टँकरने आलं भिजवतायत. संध्याकाळी दोघेजण टँकरचा भाव विचारायला दारात.

जुनं_खोड · ४ जून

घरात दोन पेन्शनी असल्या की शेती विनोदी वाटते. ज्याचं पोट त्यावर आहे तो बाटल्या कापत बसत नाही.

वहीवाली · ५ जून

पेन्शन एकच आहे, बाबा खासगी कंपनीत होते. बाकी मुद्दा मान्य. आईने वहीच्या पहिल्याच पानावर लाल शाईने लिहिलंय: 'पेन्शन यात धरायची नाही.'

टवाळ_कार्टं · ५ जून

खोडसाहेब, तुम्ही गेल्या वर्षी गच्चीवरच्या टोमॅटोवर तीन भागांची लेखमाला टाकली होती. आम्ही विसरलेलो नाही.

वहीवाली · २९ जून

घेवडा पेरून झाला. निम्मा वाघ्या, निम्मा वरुण. उगवण छान आहे. पण आज सांगायचंय ते बांधाचं.

आमच्या पूर्वेला बाबांच्या चुलतभावाचं रान आहे. त्यांना आम्ही अण्णाकाका म्हणतो. मला कळायला लागल्यापासून दर गणपतीत बाबांचं एक कीर्तन ठरलेलं: अण्णाच्या घरच्यांनी वर्षाला नांगराचं एकेक तास (ओळ) करत आपला बांध कसा कोरला, आपली किती जमीन गेली, आपण भावकी म्हणून कसे गप्प बसलो. कीर्तन संपल्यावर त्याच अण्णाकाकांकडे आरतीला जायचं आणि शिरा खायचा.

आई एवढी वर्षं ऐकून घेत होती. आता वही तिच्या हातात. ती म्हणाली, "नुसतं बोलून काय उपयोग? मोजू." गटाचा नकाशा काढून आणला, शंभर फुटी टेप आणली, कोपऱ्यावरचा हद्दीचा दगड टणटणीच्या झुडपांतून शोधून काढला. काटकोन साधायला सुतळीला गाठी मारून तीन-चार-पाचचा त्रिकोण केला. बाबा अगदी खुशीत. इतक्या वर्षांनी न्याय मिळणार म्हणून इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. अण्णाकाका बांधावर तंबाखू मळत बसलेले. टेपचं दुसरं टोक धरायला कुणी नव्हतं, तर तेच उठले. "आणा वैनी, मी धरतो."

आईने तीन ठिकाणी मोजलं. वहीत आकडे मांडले. परत मोजलं. मग वर्गात निकाल वाचतात त्या आवाजात म्हणाली, "बांध साडेचार फूट सरकलाय. त्यांच्या हद्दीत."

म्हणजे आम्हीच कोरलेला!

बाबा म्हणाले, टेप ताणली गेली असेल. मग म्हणाले, नकाशा इंग्रजांच्या काळातला आहे. मग म्हणाले, ऊन फार झालंय, घरी जाऊ. अण्णाकाका काही बोलले नाहीत, टेप नीट गुंडाळून आईच्या हातात दिली.

रात्री जेवताना विषय निघाला तशी आज्जी ताटातून मान वर न करता म्हणाली, "तुजा बा चांदण्यात औत धरायचा. मला काय ठावं न्हाई व्हय?"

"मग आई, इतकी वर्षं मी बोलतोय, तू सांगितलं का नाहीस?" बाबा.

"तू वरसातनं चार दिस येतुस. म्हटलं, बोलतंय पोरगं, बोलू द्यावं."

मिरगाचा_किडा · २९ जून

आज्जींना साष्टांग दंडवत.

तलाठ्याचा_भाचा · ३० जून

मजा आली, पण एक सांगून ठेवतो. घरच्या टेपने केलेल्या मोजणीला कायद्यात काही किंमत नाही. भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज करून हद्द कायम मोजणी करून घ्या. सरकारी भूकरमापक लगतच्या खातेदारांना नोटीस देऊन मोजतो आणि मग 'क' प्रत, म्हणजे हद्दी दाखवलेला अधिकृत नकाशा मिळतो. तोवर कुणीच बांध हलवू नका, इकडेही नाही आणि तिकडेही नाही.

वहीवाली · ३० जून

तेच ठरलंय. सुगी झाली की दोघं मिळून अर्ज करणार. उभं पीक आहे तोवर अण्णाकाका काही म्हणत नाहीत. फक्त रोज सकाळी कुंपणावरून विचारतात, "वैनी, टेप कुठंय? माझ्या परसाची बी एकदा मोजून टाका." आई जाऊन मोजूनही आली.

सेंद्रिय_सखी · ८ जुलै

ताई, जीवामृत वापरता का? आमच्याकडे सुभाष पालेकरांच्या नैसर्गिक शेतीच्या पद्धतीने करतात.

वहीवाली · ८ जुलै

वापरतो, म्हणजे बाबा ढवळतात. दोनशे लिटर पाण्याला दहा किलो शेण, पाचेक लिटर गोमूत्र, दोन किलो गूळ, दोन किलो बेसन आणि बांधावरची मूठभर माती. सावलीत ठेवून सकाळ-संध्याकाळ ढवळायचं. बेसनाची गंमत अशी की ते घरच्याच डब्यातून गेलं. माझा नवरा त्या रविवारी आला होता. सासूबाईंनी जावयासाठी लाडूंचा घाट घातलाय असं त्याला वाटलं, गूळ-बेसन एकत्र दिसलं म्हणून तो पिंपाजवळ गेला. पुढचं तो सांगत नाही.

टवाळ_कार्टं · ८ जुलै

जावईबापू आयडी घ्या आणि तुमची बाजू मांडा.

वहीवाली · २१ ऑगस्ट

मधे गायब होते, क्षमस्व. पावसाने इकडे मोठी उघडीप दिली, घेवडा ऐन शेंगा भरण्यात, आणि आमच्याकडे मोटारीचं महाभारत झालं. सविस्तर लिहिते.

शेतीची थ्री फेज वीज आमच्या फीडरला एक आठवडा दिवसा आणि एक आठवडा रात्री येते. रातपाळीत साडेबाराला उठून विहिरीवर जाणं बाबांच्या गुडघ्यांना झेपेना. म्हणून दादाने मोबाइल स्टार्टर घ्यायला लावला. पेटीत सिमकार्ड असतं. नोंदवलेल्या नंबरवरून मिस्ड कॉल दिला की मोटार चालू, परत दिला की बंद. नंबर तीन नोंदवले: आई, बाबा आणि दादा.

दादा असतो टोरांटोला. उन्हाळ्यात त्यांचं घड्याळ आपल्या साडेनऊ तास मागे. त्याने स्वतःहून तोड काढली, "आपल्याकडे रात्री साडेबारा म्हणजे इथे दुपारचे तीन. मी चालू करत जाईन, तुम्ही झोपा. बाबांनी फक्त पहाटे चारला बंद करायची." सगळ्यांना पटलं. बाबांनी तर पारावर सांगितलं की आमची मोटार आता क्यानडातून चालते.

पहिली रात्र. दादा मीटिंगमध्ये. टेबलाखालून मिस्ड कॉल दिला. परदेशचा कॉल, लागला की नाही कळेना, म्हणून खात्रीला परत दिला. मोटार चालू झाली आणि मिनिटभरात बंद. त्याने घरच्या ग्रुपवर लिहिलं, 'झालं.' पहाटे चारला बाबा गजराने उठले, अंथरुणातूनच मिस्ड कॉल देऊन मोटार 'बंद' केली आणि पांघरूण घेऊन झोपले.

म्हणजे रात्रभर रान कोरडं, आणि चारला मोटार सुरू. सकाळी आठला वीज गेली तेव्हाच ती थांबली. दारं मोडायला, म्हणजे पाणी एका सरीतून दुसरीत वळवायला, रानात कोणीच नाही, त्यामुळे सगळं पाणी पहिल्याच सऱ्यांतून खालच्या कडेला गेलं, तिथं तुंबलं आणि बांध ओलांडून पुढे. आई पोचली तेव्हा अण्णाकाका घोटाभर पाण्यात खोऱ्याने चर काढत होते. मान वर करून म्हणाले, "वैनी, बांध परत देताय ते समजलं. त्याच्याबरोबर पाणी बी?"

आईने त्याच दिवशी दादाचा नंबर स्टार्टरमधून काढला. ग्रुपवर त्याला कळवलं: 'तुझी नियुक्ती रद्द.'

इथे संपलं असतं तर मी लिहिलंही नसतं. पुढच्या आठवड्यात दिवसपाळी आली, आणि रोज दुपारी चारच्या सुमाराला मोटार आपोआप सुरू व्हायला लागली. आईच्या वहीत मोटारीचा वेगळा रकाना आहे: कधी लावली, कुणी लावली, किती वेळ. त्यात रोज एक नोंद बेवारस. वायरमनला बोलावलं, तो म्हणाला पेटी ठीक आहे. आज्जी म्हणाली विहिरीवरच्या आसराला नैवेद्य राहिलाय. शेवटी आईने ओसरीवर सगळ्यांना बसवलं. मी होते, आज्जी होती, आक्काही होत्या. शाळेत विचारायची तसं विचारलं, "ज्याने केलं असेल त्याने आपणहून सांगावं."

कुणीच सांगेना. तेवढ्यात बाबा वैतागून म्हणाले, "मोटारीचं सोडा, हा मोहन हल्ली माझा फोन का उचलत नाही ते सांगा. रोज चहाच्या वेळेला लावतो, रोज कट करतो."

मोहन म्हणजे बाबांचे वर्गमित्र. आईने काही न बोलता हात पुढे केला, बाबांनी फोन दिला. यादीत 'मोटार' आणि 'मोहन' एकाखाली एक. बाबांचा अंगठा जाड, चष्मा कपाळावर. बाबा रोज चार वाजता मोटारीला चहाला बोलवत होते, ती कॉल कट करून इमानेइतबारे रान भिजवत होती, आणि तिकडे मोहनकाका आठवडाभर रुसून बसले होते.

तर आता खालच्या चार-पाच गुंठ्यांतला घेवडा पिवळा पडलाय. उपाय सांगा. मोटारीचं नाव आईने बदलून 'ज्ञानेश्वर' केलंय, म्हणजे ती यादीत शेवटी जाईल.

मिरगाचा_किडा · २१ ऑगस्ट

ऑफिसात वाचत होतो, साहेबाने विचारलं काय झालं.

कोरेगावचा_पावणा · २१ ऑगस्ट

आधी साचलेलं पाणी चर काढून बाहेर काढा. अण्णाकाकांनी काढलेला चर बुजवू नका, तोच खोल करा. वाफसा आला की सरीतली माती हलकी मोकळी करा, मुळांना हवा लागू द्या. मग १९:१९:१९ या विद्राव्य खताची एक फवारणी घ्या. पानं पिवळी आहेत पण देठ टणक असेल तर झाड वर येईल. देठ बुडाशी काळा, मऊ झाला असेल तर ते झाड उपटून लांब टाका. आणि आल्याकडे आधी बघा! वाफ्यात पाणी थांबलं तर कंदकूज घेवड्यापेक्षा महागात पडेल.

कोडवाला_कोकणी · २१ ऑगस्ट

एक तांत्रिक दुरुस्ती. बाराखडीच्या तक्त्यात ज्ञ शेवटी असतो, पण युनिकोडमध्ये ज्ञ म्हणजे ज, हलन्त आणि ञ. त्यामुळे बऱ्याच फोनांत तो ज च्या ओळीतच येतो, तोही 'जो'ने सुरू होणाऱ्या नावांच्या लगेच खाली. यादी तपासा.

वहीवाली · २२ ऑगस्ट

तपासली. ज्ञानेश्वर आता जोशीबुवांच्या खाली आहे. ते आमच्या घरची सत्यनारायणाची पूजा सांगतात. काल चारला बाबांनी त्यांना फोन लावून "झाली का बंद?" असं विचारलं. बुवांची दाढ दुखत होती, तिची चौकशी आहे असं समजून ते वीस मिनिटं बोलले.

आता बाबांच्या फोनमधून मोटार पूर्ण काढली आहे. आल्याचे वाफे ठीक आहेत, ठिबकवर असल्याने वाचले.

सौरऊर्जा_समर्थक · २२ ऑगस्ट

या सगळ्यावर उपाय म्हणजे 'मागेल त्याला सौर कृषी पंप'. अडीच एकरापर्यंत तीन अश्वशक्तीचा पंप मिळतो, सर्वसाधारण गटाला किमतीच्या दहा टक्के भरावे लागतात. रातपाळीची कटकटच नाही.

जुनं_खोड · २२ ऑगस्ट

त्यांच्याकडे विजेचं कनेक्शन आहे आणि साडेसात अश्वशक्तीपर्यंत शेतीचं बिल २०२४ पासून माफ आहे. त्या बाई हिशोब मांडल्याशिवाय हलणार नाहीत. आणि ढगाळ पावसाळ्यात सौर पंप कसा चालतो तेही सांगा की.

(अवांतर: पूर्ण धागा वाचला. मोहनरावांची समजूत निघाली का?)

वहीवाली · २२ ऑगस्ट

निघाली. आईने दोघांना रानात बोलावलं आणि भांगलायला बसवलं. चहा बांधावरच दिला.

वहीवाली · २४ सप्टेंबर

शेवटचं कळवते, मग धागा तुमच्या ताब्यात.

घेवडा निघाला. उपटणी झाली आणि लगेच आभाळ भरून आलं. भिजला असता तर शेंगेतच मोड आले असते. आक्कांची टोळी, अण्णाकाकांचं अख्खं घर, मोहनकाका, सगळ्यांनी मिळून तासाभरात पेंढ्या घरात आणल्या. हॉलमध्ये घेवडा, माजघरात घेवडा, आज्जीच्या खाटेखाली घेवडा. ऐन गौरींच्या दिवसांत. हळदीकुंकवाला आलेल्या बायका पंख्याखाली पसरलेल्या शेंगांच्या कडेकडेने, भिंतीला हात लावत गौरीपर्यंत पोचायच्या. एकीने सजावट समजून कौतुक केलं. ऊन पडल्यावर मळणी उरकली. पिवळा पडलेला पट्टा निम्माच पिकला, बाकी दाणा भरदार आहे.

ई-पीक पाहणी, म्हणजे सरकारी ॲपवर पिकाची नोंद करणं, बाबांच्या नावावर जमा आहे. त्यांनी पहिला फोटो ओसरीतल्या ढिगाचा काढला. ॲपने सांगितलं, तुम्ही गटापासून लांब आहात. बाबा ॲपला म्हणाले, "पण पीक इथं आहे ना!" शेवटी रानात जाऊन एका कडेला राहिलेल्या झाडांचे फोटो काढून आले.

हिशोबाची वही परवा उघडली. बियाणं, खत, ट्रॅक्टर, भांगलण, मळणी, सगळं मांडून आईने किलोला खर्च काढला. व्यापाऱ्याने भाव सांगितला तेव्हा तिने वही पुढे ठेवली. तो म्हणाला, "म्याडम, इतकी वर्षं धंदा करतोय, कुणी कागद दाखवला नाय." वरुणला किलोमागे थोडा जास्त भाव मिळाला. फार नाही. पेन्शन न धरता पहिल्या हंगामात थोडके पैसे उरलेत, आणि ते बाबांची मजुरी न धरता. बाबांनी हजेरी मागितली होती. आईने हजेरी मांडली, त्यातून मोटारीचं नुकसान वजा केलं, आणि येणं बाबांकडूनच निघालं.

तीच वही बघून आक्का एका संध्याकाळी बचत गटाची बाडं घेऊन आल्या. आता दर गुरुवारी दहा-बारा जणी ओसरीवर असतात. आईने व्याज कसं काढायचं ते शिकवायला घेतलंय, आणि आज्जी बसल्याजागी तोंडी उत्तर आधी सांगते म्हणून तिला गप्प बसायची शिक्षा झाली आहे.

आल्याचं पुढच्या वर्षीच कळेल. बाबा पारावरून भाव घेऊन आले: 'गाडी'ला इतके इतके. त्यांनी गाडी म्हणजे टेम्पो धरला आणि चेहरा पाडून बसले.

कोरेगावचा_पावणा · २४ सप्टेंबर

काकांना सांगा, आपल्याकडे आल्याची गाडी म्हणजे पाचशे किलो. टेम्पोचा काही संबंध नाही. आता परत हिशोब करा म्हणावं.

वहीवाली · २४ सप्टेंबर

सांगितलं. एकदम खुलले, दादाला फोन करून म्हणाले, 'नोकरी सोड आणि ये.' दादाने विचारलं, मोटारीवर परत घेणार का. आई म्हणाली, अर्ज करू दे.

जुनं_खोड · २५ सप्टेंबर

वाघ्या घेवडा विकायला ठेवलाय का? मला पाच किलो हवा आहे. पुण्यात पोचवण्याचं काय?

वहीवाली · २५ सप्टेंबर

पंधरवड्याने मी गावी जाणार आहे, येताना आणते. पाकीट बाबा करतायत, पण भाव त्यांना विचारू नका. ते ओळखीचे म्हणून निम्म्यात देतील आणि आई फरक त्यांच्या नावावर टाकेल. व्यक्तिगत निरोप केलाय.

टवाळ_कार्टं · २५ सप्टेंबर

दोन किलो माझे पण. खोडसाहेबांच्या आधी नाव लिहा.